फ्लायव्हीलचं प्रॅक्टिकल: उत्तर चौपट का येतं आणि ते नीट कसं करायचं

लॅबमध्ये भिंतीला ब्रॅकेटवर बसवलेलं ते जड लोखंडी चाक सगळ्यांनी बघितलेलं असतं. एफवायबीएस्सीची पोरं त्याला दोरा गुंडाळतात, वजन सोडतात, फेरे मोजतात आणि जर्नल घेऊन येतात. चाक तेच, पण एका टेबलाचा मोमेंट ऑफ इनर्शिया (चाक फिरवायला किती हट्टी आहे त्याचं माप) ०.०५, शेजारच्याचा ०.२ आणि तिसऱ्याचा ०.०५७. मग सुरू होतं की चाकच खराब आहे, सर. चाकाला काही झालेलं नसतं. ०.२ वाल्यांनी सरासरी वेग आणि सुरुवातीचा वेग यात घोळ घातलेला असतो, आणि ०.०५७ वाले घर्षण विसरलेले असतात. मी इतकी वर्षं हीच बॅच घेतोय की उत्तराचा आकडा बघूनच कुठे चुकलंय ते सांगता येतं, म्हणून एकदाच सगळं क्रमाने लिहून टाकतो.

खाली सगळीकडे एकाच चाकाचे आकडे वापरलेत, म्हणजे तुमच्या रीडिंगशी ताडून बघता येईल.

सुरू करण्याआधी: नक्की काय काढतोय

सरळ रेषेत ढकलताना वस्तूचं वस्तुमान आडवं येतं, फिरवताना मोमेंट ऑफ इनर्शिया आडवा येतो. फरक एवढाच की फिरवताना वस्तुमान किती आहे यासोबत ते अक्षापासून किती लांब आहे हेही मोजलं जातं, आणि तेही अंतराच्या वर्गाने. एक किलो लोखंड अक्षापासून ५ सेंटीमीटरवर आणि तेच १० सेंटीमीटरवर, यात दुसरं चौपट हट्टी. म्हणून तर फ्लायव्हीलचं लोखंड शक्यतो कडेला ठेवतात.

प्रयोगात आपण हिशोब करतो ऊर्जेचा. वजन खाली येताना जी ऊर्जा सोडतं ती तीन ठिकाणी जाते: चाक फिरण्यात, बेअरिंगच्या घर्षणात, आणि वजनाच्या स्वतःच्या वेगात. हे तिन्ही हिस्से डोक्यात ठेवा, पुढची प्रत्येक चूक यातला एखादा हिस्सा विसरल्याने किंवा चुकीचा मोजल्याने होते.

नावं ठरवून घेऊ. वजन सोडल्यापासून दोरा गळून पडेपर्यंतचे फेरे म्हणजे एन-वन. दोरा गळाल्यापासून चाक थांबेपर्यंतचे फेरे म्हणजे एन-टू, आणि या एन-टू फेऱ्यांना लागलेला वेळ म्हणजे टी. या टीमध्ये वजन खाली येण्याचा वेळ धरायचा नाही. हे वाक्य दोनदा वाचा.

टप्पा १: चाकाची तब्येत बघा

दोऱ्याला हात लावायच्या आधी चाक नुसतं हाताने फिरवा आणि सोडून द्या. कान देऊन ऐका. खरखर येत असेल तर बेअरिंगमध्ये धूळ आहे, लॅब असिस्टंट काकांना सांगून दोन थेंब मशीन ऑइल टाकून घ्या. ग्रीस भसाभस चोपडू नका, त्याचा त्रास पुढे टप्पा ५ मध्ये कळेल.

आता चाक थांबेपर्यंत थांबा आणि कुठे थांबतंय ते खडूने टिपा. असं चार-पाच वेळा करा. दर वेळी वेगळ्या जागी थांबलं तर उत्तम. दर वेळी तीच बाजू खाली येत असेल आणि थांबताना चाक मागेपुढे झुलत असेल, तर चाकाची एक बाजू जड आहे. अशा चाकाचे शेवटचे फेरे मोजताना लोक झुलणंसुद्धा फेरा म्हणून मोजतात. तसं नाही करायचं, पहिल्यांदा उलट वळलं की मोजणी बंद.

चाकाच्या कडेवर खडूने एक ठळक रेघ मारा आणि समोर स्टँडला एखादी सुई किंवा काटा लावा, रेघ काट्यासमोर आली की एक फेरा. बघायला साधं वाटतं, पण ज्यांच्या चाकावर रेघच नसते ते फेरे "अंदाजे" मोजतात आणि तिथेच वाट लागते.

खाली जमिनीवर फोमचा तुकडा किंवा वाळूची पिशवी ठेवा. अर्धा किलोचं वजन पायाच्या बोटावर पडलं की प्रॅक्टिकल तिथेच संपतं. चपला घालून लॅबमध्ये येऊ नका हे दरवर्षी सांगतो, दरवर्षी कोणीतरी येतंच.

टप्पा २: ॲक्सल मोजा, आणि दोराही मोजा

व्हर्नियरने (बारीक मापं घ्यायच्या जबड्यांच्या पट्टीने) ॲक्सलचा, म्हणजे ज्यावर दोरा गुंडाळतो त्या चाकाच्या मधल्या दांड्याचा, व्यास मोजायचा, निदान तीन जागी आणि प्रत्येक जागी दोन आडव्या-उभ्या दिशांनी. आधी व्हर्नियरचे जबडे बंद करून झिरो एरर बघा, म्हणजे शून्याऐवजी काय दिसतंय ते. एरर पॉझिटिव्ह असेल तर रीडिंगमधून वजा, निगेटिव्ह असेल तर मिळवायचा, याची उलटापालट झाली की सगळं मुसळ केरात.

आमच्या चाकाच्या ॲक्सलचा व्यास २४.० मिलीमीटर, म्हणजे त्रिज्या १२.०. इथे बहुतेक सगळे थांबतात. पण वजनाची ओढ लागते ती दोऱ्याच्या मधल्या रेषेत, ॲक्सलच्या पृष्ठभागावर नाही. दोरा १ मिलीमीटर जाड असेल तर त्याची अर्धी जाडी त्रिज्येत मिळवायची, म्हणजे खरी त्रिज्या १२.५ मिलीमीटर. अर्धा मिलीमीटरने काय होणार असं वाटत असेल तर बघा: ८ फेऱ्यांत वजन किती उतरतं ते त्रिज्येवरून काढलं तर १२.० ने ६०.३ सेंटीमीटर येतं आणि १२.५ ने ६२.८. चार टक्के इथेच गेले.

तपासणी: उंची फक्त सूत्रावरून काढू नका, मीटरपट्टीने पण मोजा. दोन्ही आकडे अर्ध्या-एक सेंटीमीटरच्या आत जुळले पाहिजेत. मोजलेली उंची सूत्राच्या जवळजवळ अर्धीच असेल तर तुम्ही त्रिज्येच्या जागी व्यास घातलाय. पट्टीची उंची जास्त येत असेल तर बहुतेक दोरा एकावर एक चढलाय.

टप्पा ३: दोऱ्याची लांबी आणि लूप

माझ्या मते या प्रयोगाचा जीव इथे आहे आणि पोरं इथेच दोन मिनिटंसुद्धा देत नाहीत.

ॲक्सलवर एक छोटी खुंटी असते. दोऱ्याच्या टोकाला सैल लूप करून तो खुंटीवर नुसता अडकवायचा. गाठ मारायची नाही! एकदा एका ग्रुपने लूप पडतोय पडतोय म्हणून वैतागून खुंटीला घट्ट गाठ मारली. वजन खाली आलं, चाक फिरतच राहिलं, दोरा उलट्या बाजूने परत गुंडाळायला लागला आणि वजन लिफ्टसारखं वर चढून ॲक्सलला धडकलं. तिघं बघत उभे, चौथा अजून फेरे मोजतोय.

लांबी ठरवायची पद्धत अशी. वजन लटकवून चाक हाताने हळूहळू उलगडत न्या. खुंटी खाली तोंड करून आली की लूप आपोआप घसरतो. त्या क्षणी वजन जमिनीला टेकू टेकू असलं पाहिजे. दोरा लांब असेल तर वजन आधीच जमिनीवर बसतं, दोरा ढिला पडतो, लूप वेळेवर पडत नाही, आणि तुम्ही हिशोबात धरलेल्या उंचीपेक्षा वजन कमी उतरलेलं असतं. थोडा आखूड असलेला परवडतो, लूप हवेतच सुटेल एवढंच. मग उंची मोजताना जमिनीपर्यंत न मोजता लूप सुटतो त्या जागेपर्यंत मोजायची.

लूप जिथे घसरतो तिथे चाक धरून ठेवा आणि तुमची खडूची रेघ पुसून आता काट्यासमोर नव्याने मारा. म्हणजे दोरा सुटताना रेघ नेमकी काट्यासमोर असेल, आणि इथून उलट दिशेने मोजून ८ फेरे गुंडाळले की एन-वन पक्कं ८. साडेसात की आठ असा वाद उरत नाही.

गुंडाळताना वेढे शेजारी शेजारी, भोवऱ्याला दोरी गुंडाळतो तसे. एकावर एक चढले की मधेच त्रिज्या बदलते आणि वजन धक्के खात उतरतं.

टप्पा ४: वजन किती लावायचं

हँगरचं, म्हणजे चकत्या ज्यावर ठेवतो त्या हुकाच्या दांडीचं, वजन धरायला विसरू नका. ४५० ग्रॅमच्या चकत्या आणि ५० ग्रॅमचा हँगर म्हणजे अर्धा किलो. हँगर विसरलात तर उत्तर सरळ दहा टक्क्यांनी कमी.

नुसता हँगर लटकवला तर आमचं चाक हलतही नाही, कारण घर्षणावर मात करून ते फिरतं ठेवायलाच साधारण ५९ ग्रॅम लागतात. उलट टोकाला जाऊन १ किलो लावलं तर दोरा सुटताना चाक सेकंदाला जवळजवळ अडीच फेरे मारतं आणि तोंडाने मोजताना जीभ अडखळते. अर्धा किलोला सेकंदाला दीडच्या थोडे वर, ते जमतं. सुरुवातीचा वेग सेकंदाला दोन फेऱ्यांच्या आत राहील एवढंच वजन लावा.

टप्पा ५: सोडा, मोजा, थांबा

दोघं लागतात, तिघं असतील तर मजा. एक वजन सोडणार, एक फेरे मोजणार, एक स्टॉपवॉचवर. एकट्याने करायचंच असेल तर मोबाईल स्टँडवर ठेवून व्हिडिओ काढा आणि नंतर सावकाश मोजा, त्यात काही कमीपणा नाही.

१. चाक धरून वजन स्थिर होऊ द्या. वजन झोके घेत असेल तर सोडू नका.

२. हात नुसता काढून घ्या. ढकलायचं नाही. चाक आधी अगदी रेंगाळतं, ते बघून पोरांना राहवत नाही आणि हळूच टिचकी मारतात. मारू नका.

३. वजन ६३ सेंटीमीटर उतरायला जवळजवळ पावणेदहा सेकंद घेतं. तेच वजन मोकळं सोडलं असतं तर ०.३६ सेकंदात खाली. हा जो उशीर दिसतोय ना, तोच मोमेंट ऑफ इनर्शिया डोळ्यांनी बघताय असं समजा.

४. लूप गळाला, टक्क आवाज आला, त्या क्षणी स्टॉपवॉच चालू आणि मोजणी शून्यापासून. एक म्हणायचं ते रेघ पुढच्या वेळी काट्यासमोर आल्यावर. लूप पडतानाच "एक" म्हणणारे खूप असतात, त्यांचा एक फेरा फुकटचा वाढतो आणि उत्तर तीन टक्क्यांनी घसरतं.

५. चाक पूर्ण थांबलं की स्टॉपवॉच बंद. रेघ काट्याच्या किती पुढे गेलीये ते कडेवर दोरा लावून मोजा आणि फेऱ्याचा अपूर्णांक लिहा. ६० आणि वर दोन दशांश असेल तर ६०.२. सगळ्यांच्या जर्नलमध्ये तिन्ही वेळा बरोब्बर ६० लिहिलेलं दिसलं की मी दुसऱ्यांदा करायला लावतो.

हे तीन वेळा करा. आमची रीडिंग्ज: फेरे ६०.२, ५९.६, ६०.२, सरासरी ६०.०. वेळ ७२.९, ७२.२, ७२.७, सरासरी ७२.६ सेकंद.

थांबा, इथे एक तपासणी आहे जी फार कमी जण करतात. घर्षण एकसारखं असेल तर चाक एकसारख्या दराने मंदावतं, आणि मग अर्ध्या वेळात एकूण फेऱ्यांच्या तीन चतुर्थांश फेरे व्हायला हवेत. म्हणजे एकाने ३६ सेकंदांना हाक मारली की मोजणारा ४५ च्या आसपास असला पाहिजे. तो ४८ वर असेल तर घर्षण वेगाबरोबर वाढतंय, बहुतेक जाड ग्रीसचा प्रताप, आणि पुढचं सूत्र तिथे नीट लागू होत नाही. ४५ च्या बराच खाली असेल तर आधी मोजणाऱ्याकडे बघा, सुरुवातीचे वेगातले फेरे त्याच्या हातून निसटलेत.

टप्पा ६: ओमेगा, म्हणजे चौपट उत्तराचं घर

आपल्याला हवाय दोरा सुटला त्या क्षणीचा कोनीय वेग, तोच ओमेगा. आपण मोजलंय काय, तर थांबेपर्यंतचे फेरे आणि वेळ. फेरे भागिले वेळ केलं तर सरासरी वेग मिळतो. चाक एकसारखं मंदावत शून्यावर आलं, म्हणजे सरासरी ही सुरुवातीच्या वेगाच्या बरोब्बर निम्मी. म्हणून:

ओमेगा = ४ × पाय × एन-टू ÷ टी

२ × पाय नाही, ४ × पाय. एका फेऱ्याचे २ पाय रेडियन, आणि सरासरीवरून सुरुवातीला जायचे आणखी २. आमच्या चाकासाठी ४ × ३.१४१६ × ६० ÷ ७२.६ = १०.३९ रेडियन प्रति सेकंद. ज्यांनी २ पाय घेतला त्यांचा ओमेगा निम्मा, आणि खाली सूत्रात ओमेगाचा वर्ग भागाकारात आहे, म्हणून त्यांचं उत्तर चौपट: ०.०५ चं ०.२. बघा, सुरुवातीचं भांडण मिटलं.

तपासणी: वजन उतरायलाही वेळ लावून बघा. तिथे चाक शून्यापासून त्याच ओमेगापर्यंत एकसारखं चढतं, म्हणून ४ × पाय × एन-वन भागिले उतरण्याचा वेळ हाही तोच ओमेगा यायला हवा. ८ फेरे, ९.७ सेकंद: १०.३६. जुळलं. हे जुळत नसेल तर पुढची आकडेमोड करू नका, परत टप्पा ३ ला जा, बहुतेक लूप अडकत असतो नाहीतर कोणीतरी टिचकी मारलेली असते.

टप्पा ७: शेवटची आकडेमोड

सगळं एसआयमध्ये. किलोग्रॅम, मीटर, सेकंद. वजन ग्रॅममध्ये आणि उंची मीटरमध्ये असली खिचडी केली की दशांश चिन्ह कुठेही उडी मारतं.

क्रमाने करा, एकाच दमात कॅलक्युलेटरमध्ये सगळं कोंबू नका:

१. २ × जी (गुरुत्व त्वरण) × उंची: २ × ९.८ × ०.६२८३ = १२.३१

२. ओमेगाचा वर्ग गुणिले त्रिज्येचा वर्ग: १०७.९ × ०.०००१५६ = ०.०१७

३. पहिल्यातून दुसरं वजा: १२.३०. दिसतंय ना, दुसरी संख्या किती किरकोळ आहे ते. वजनाला वेगच एवढा कमी मिळतो.

४. वस्तुमानाने गुणा: ०.५ × १२.३० = ६.१५

५. ओमेगाच्या वर्गाने भागा: ६.१५ ÷ १०७.९ = ०.०५७०

६. आता घर्षणाचा हिस्सा काढायचा: १ अधिक एन-वन भागिले एन-टू, म्हणजे १ + ८/६० = १.१३३ ने भागा. उत्तर ०.०५०३ किलोग्रॅम मीटर वर्ग.

पाचव्या पायरीवर थांबलेलेच ते ०.०५७ वाले. सहावी पायरी का, हे व्हायव्हात (तोंडी परीक्षेत) हमखास विचारतात, तर साधं आहे: दोरा सुटल्यावर चाकाची सगळी ऊर्जा एन-टू फेऱ्यांत घर्षणाने खाल्ली, यावरून एका फेऱ्याला घर्षण किती खातं ते कळलं, आणि तेवढंच ते आधीच्या एन-वन फेऱ्यांतही खात होतं.

रुपयांत सांगायचं तर वजनाने सोडलेल्या १०० रुपयांतले ८८ चाकाला गेले, पावणेबारा बेअरिंगने खाल्ले, आणि वजनाच्या स्वतःच्या खिशात उरले १४ पैसे.

टप्पा ८: उत्तर पटतंय का ते बघा

जर्नलवर सही घ्यायला यायच्या आधी पट्टी घेऊन चाकाचं माप घ्या. आमचं चाक जवळजवळ सपाट चकतीसारखं आहे, त्रिज्या १२ सेंटीमीटर, जाडी २ सेंटीमीटर. आकारमान झालं साधारण ९०५ घन सेंटीमीटर. लोखंडाची घनता ओतीव असेल तर घन सेंटीमीटरला ७.२ ग्रॅमच्या आसपास, नाहीतर ७.८, म्हणजे चाक साडेसहा ते सात किलोचं. चकतीचा मोमेंट ऑफ इनर्शिया म्हणजे अर्धा गुणिले वस्तुमान गुणिले त्रिज्येचा वर्ग: ०.०४७ ते ०.०५१. आपलं ०.०५०३ त्यात बसलं.

तुमच्या चाकाची कड जाड आणि मध्ये आरे असतील तर उत्तर या अर्ध्याच्या सूत्रापेक्षा जास्त येणार, ते बरोबरच आहे. पण पूर्ण वस्तुमान गुणिले बाहेरच्या त्रिज्येचा वर्ग, यापेक्षा जास्त कधीच येऊ शकत नाही, कारण तेवढं यायला सगळं लोखंड अगदी कडेच्या रेषेवर असावं लागेल. आमच्या चाकाला ही मर्यादा ०.१०. ज्यांचं ०.२ आलं त्यांना एवढ्या एका गुणाकारात चूक सापडली असती.

दुसरी तपासणी वजन बदलून. वजन बदललं की ओमेगा बदलेल, एन-टू बदलेल, मोमेंट ऑफ इनर्शिया मात्र बदलता कामा नये, तो चाकाचा आहे, वजनाचा नाही. आणि हो, वजन दुप्पट केलं की एन-टू दुपटीपेक्षा थोडे जास्त येतात, आमच्याकडे १ किलोला १२८ च्या आसपास. ते बघून घाबरून १२० लिहू नका. घर्षणाचा एन-वनमधला वाटा तेवढाच राहिला आणि ऊर्जा दुप्पट आली, म्हणून उरलेलं दुपटीपेक्षा जास्त. एका पोरीने हे १२८ बघून चूक समजून खोडलं होतं आणि वर १२० लिहिलं होतं, मी खोडलेल्यावर बरोबरची खूण केली.

टेबलात वजन ०.४, ०.५, ०.६ किलो अशी तीन आणि प्रत्येकाला एन-वन ६ आणि ८ असे दोन, एवढी सहा उत्तरं पुरे आहेत. एन-वन ६ घेताना वजन खालून सुरू होईल, उंची नवीन मोजा, ८ ची उंची तशीच उतरवू नका. आणि जाताना दोरा ॲक्सलवर गुंडाळलेला ठेवून जाऊ नका, पुढच्या बॅचला तो पीळ बसलेला मिळतो.